सेल्फ फिरतो, पण इंजिन पकडत नाही: जुन्या मारुती ८०० चे इग्निशन कसे तपासावे

प्रश्न थोडक्यात असा: १९९० ची कार्ब्युरेटरवाली मारुती ८०० पावसाळाभर अंगणात ताडपत्रीखाली उभी होती. बॅटरी चार्ज करून घेतली, सेल्फ जोरात फिरतो, पण इंजिन एकदाही पकडत नाही. गॅरेजमध्ये नवी कॉइल (बॅटरीच्या १२ व्होल्टचे हजारो व्होल्ट करणारा भाग) आणि तिन्ही प्लग नवे टाकून झाले, तरी फरक शून्य. आता डिस्ट्रीब्युटरच, म्हणजे कॉइलची ठिणगी तिन्ही प्लगना वाटणारा भाग, बदलायला सांगत आहेत. बदलावा का?

आत्ता बदलू नका. नुसत्या उभ्या असलेल्या गाडीत कॉइलमधून करंट जातच नाही, त्यामुळे पावसाळ्यात ती आपोआप जळण्याची शक्यता फार कमी. दमट हवेत खराब होतात त्या वेगळ्याच जागा: पॉइंटची (डिस्ट्रीब्युटरमधल्या उघडझाप करणाऱ्या स्विचची) टोके, डिस्ट्रीब्युटरच्या कॅपची आतली बाजू, वायरींची पितळी टोके, अर्थिंगचे बोल्ट. यांपैकी एकही जागा कॉइल बदलून सुधारत नाही. पार्ट बदलत बदलत दोष गाठायची सवय या गाड्यांना महागात पडते, कारण चांगला जुना पार्ट जातो आणि त्याच्या जागी हलक्या दर्जाचा नवा येतो. मल्टिमीटर, १२ व्होल्टचा ५ वॅटचा बल्ब दोन वायरी लावून केलेला टेस्ट लॅम्प, फिलर गेज (बारीक फट मोजायच्या पट्ट्या) आणि प्लगचा पाना एवढ्यावर हा दोष घरच्या घरी सापडतो.

आधी सुरक्षितता. गाडी न्यूट्रलमध्ये, हँडब्रेक ओढलेला, बाह्या आणि ओढण्या फॅनबेल्टपासून लांब. रेडिएटरचा पंखा विजेचा आहे, तो मध्येच सुरू होऊ शकतो. कॉइलमधून निघणाऱ्या जाड वायरीत १५ ते २० हजार व्होल्ट असतात, म्हणून ती कोरड्या, मुठीला जाड रबर असलेल्या पकडीनेच धरायची. ज्यांना पेसमेकर बसवला आहे त्यांनी ही ठिणगीची चाचणी स्वतः करू नये. आणि पेट्रोलचा वास येत असेल तर ठिणगी पाडायचीच नाही. आधी गळती शोधायची.

पहिला प्रश्न बॅटरीचा

सेल्फ जोरात फिरतो हे कानाने ठरवू नका. रात्रभर विश्रांती घेतलेल्या चांगल्या बॅटरीच्या टर्मिनलवर सुमारे १२.६ व्होल्ट दिसतात. कोणाला तरी सेल्फ मारायला सांगा आणि त्या वेळचा आकडा बघा. ९.६ च्या खाली जात असेल तर सेल्फ फिरला तरी कॉइलला पुरेसा दाब मिळत नाही आणि ठिणगी मरतुकडी पडते. चावी सोडता सोडता इंजिन एखादा हुंदका देते, ते बहुतेक याच कारणाने: सेल्फने ओढणे थांबवले की क्षणभर व्होल्टेज वर येते.

त्याच वेळी अर्थिंग तपासून टाका. मीटरची एक सळई बॅटरीच्या निगेटिव्ह खांबावर, दुसरी इंजिनच्या उघड्या धातूवर ठेवून सेल्फ मारा. ०.३ व्होल्टपेक्षा जास्त दिसले तर अर्थची पट्टी काढून, लग आणि बोल्टखालची जागा घासून चकचकीत करून पुन्हा घट्ट बसवा. पावसाळ्यानंतर हा एकच बोल्ट अनेक गाड्यांना अडवून ठेवतो.

पेट्रोलबद्दल एका मिनिटात खात्री होते. एअर क्लीनरचे झाकण काढा, इग्निशन बंद ठेवून कार्ब्युरेटरच्या घशात बघत अ‍ॅक्सिलरेटरची केबल हाताने ओढा. बारीक पिचकारी दिसली तर पेट्रोल आहे. मग एक प्लग काढून बघा. प्लग पेट्रोलने ओला असेल तर पेट्रोल पोहोचते आहे आणि ते पेटत नाही. कोरडा असेल तर इग्निशन सोडून पंप, फिल्टर आणि कार्ब्युरेटरकडे वळा. तीन महिने पडलेले पेट्रोल शिळे झालेले असते. त्यावर गाडी कुरकुरत सुरू होईल, पण एकदाही न पकडण्याचा दोष सहसा एकट्या शिळ्या पेट्रोलचा नसतो.

इतका वेळ सेल्फ मारल्यावर प्लग भिजलेलेच असणार. ते काढून कोरडे पुसा, हवेत ठेवा. मोकळ्या भोकांवर फडके टाकून पाच सेकंद सेल्फ फिरवा म्हणजे साठलेले पेट्रोल बाहेर पडेल, मात्र त्या वेळी कॉइलची जाड वायर डिस्ट्रीब्युटरमधून काढून इंजिनच्या धातूला टेकवून ठेवा. भोकांतून पेट्रोलची वाफ निघते, तिथे मोकळी ठिणगी म्हणजे आग. हे झाले की कोरडे प्लग परत बसवा, आणि ठिणगी तपासायला वळण्यापूर्वी ती वाफ पूर्ण उडून जाऊ द्या.

ठिणगी मध्यावर तपासा

पॉइंटवाल्या गाडीत बॅटरीचा करंट इग्निशन स्विचमधून कॉइलच्या प्लसला येतो, कॉइलच्या आतून मायनसला निघतो, तिथून पातळ वायरीने डिस्ट्रीब्युटरमधल्या पॉइंटला जातो आणि पॉइंट मिटलेले असतील तर अर्थ होतो. या वाटेने तीन-चार अँपिअर वाहू लागले की कॉइलमध्ये चुंबकत्व साठते. पॉइंट उघडले की ते कोसळते आणि जाड वायरीत हजारो व्होल्ट उठतात. ठिणगी पॉइंट उघडताना पडते, मिटताना नाही. एवढे डोक्यात पक्के असले की पुढची प्रत्येक तपासणी आपोआप समजते.

म्हणून चाचणी मध्यावर करायची. कॉइलकडून येणारी जाड वायर डिस्ट्रीब्युटर कॅपच्या मधल्या भोकातून उपसा, तिचे टोक इंजिनच्या धातूपासून ५-६ मिलिमीटरवर धरा आणि सेल्फ मारायला सांगा. निळी, टचटच आवाज करणारी ठिणगी नियमित पडत असेल तर कॉइल, पॉइंट, कंडेन्सर (पॉइंट उघडताना करंट सामावून घेणारा भाग), स्विच हे सगळे निर्दोष. दोष पुढे, म्हणजे कॅप, रोटर (कॅपखाली फिरणारा तुकडा), प्लगच्या वायरी, प्लग किंवा टायमिंगमध्ये (ठिणगी पडण्याच्या वेळेत). ठिणगीच नसेल, किंवा पिवळी, बारीक, मधूनच पडणारी असेल तर दोष मागे. एका चाचणीत अर्धी गाडी बाद होते. वायर धातूपासून फार लांब धरू नका. ठिणगीला जवळची वाट मिळाली नाही तर ती कॉइलच्या आतले इन्सुलेशन फोडून वाट शोधते.

ठिणगी नसेल तर

तुमच्या वर्णनावरून मला इथेच दोष अपेक्षित आहे. डिस्ट्रीब्युटरची कॅप काढा, रोटर वर ओढून काढा. आत पॉइंट दिसतील. आत दात असलेले चाक आणि शेजारी पिकअप (ते दात ओळखणारा सेन्सर) दिसला तर तो इलेक्ट्रॉनिक डिस्ट्रीब्युटर आहे. नंतरच्या गाड्यांत तो आला, काहींत मालकाने बदलून घेतलेला असतो. त्याला खालची पॉइंटची तपासणी लागू नाही.

इग्निशन सुरू करा आणि मीटर व्होल्टवर ठेवून कॉइलचा प्लस बघा. पॉइंट उघडे असताना तिथे जवळजवळ बॅटरीइतकेच व्होल्ट हवेत. काहीच नसेल तर फ्यूज, इग्निशन स्विच किंवा मधली वायर. आता सेल्फ मारताना तोच आकडा पुन्हा बघा. चावी ऑनवर असताना व्होल्ट आहेत आणि स्टार्टवर नेताच गायब होतात, हा जुन्या, झिजलेल्या स्विचचा ठरलेला दोष आहे. अशी गाडी सेल्फवर कधीच सुरू होत नाही, धक्का मारून मात्र लगेच सुरू होते. उलट प्रकारही असतो: सेल्फवर पकडते आणि चावी सोडली की मरते. तिथे ऑनच्या जागेवरचा संपर्क किंवा कॉइलसोबतचा रेझिस्टर तुटलेला असतो.

कॉइलचा प्लस ठीक असेल तर मायनसला या. पॉइंट उघडे असताना इथे १२ व्होल्ट आणि मिटलेले असताना जवळजवळ शून्य, ०.२ पेक्षा कमी, दिसायला हवेत. टेस्ट लॅम्प मायनस आणि अर्थ यांच्यामध्ये लावून सेल्फ मारला तर तो भरभर लुकलुकला पाहिजे. तीन शक्यता आहेत आणि प्रत्येक वेगळे बोट दाखवते.

बल्ब सतत पेटलेला राहतो: पॉइंट उघडझाप करत असतील, पण करंट त्यांच्यातून अर्थला जात नाही. पावसाळ्यानंतर पहिला संशय इथेच. टंगस्टनच्या टोकांवर ऑक्साइडचा करडा थर बसतो आणि १२ व्होल्टला तो ओलांडता येत नाही. डोळ्याला पॉइंट स्वच्छ दिसतात, म्हणून मेकॅनिक पुढे जातो. मीटरने बघा: पॉइंट मिटलेले असताना दोन्ही बाजूंमध्ये ०.२ व्होल्टपेक्षा जास्त फरक म्हणजे थर आहे. पॉइंटची बारीक कानस दोन-तीनदा फिरवा आणि मग पेट्रोलमध्ये बुडवून वाळवलेल्या जाड कागदाची पट्टी टोकांमध्ये धरून ओढून काढा. वाळूचा पॉलिश पेपर वापरू नका, त्याचे कण टोकांत रुततात आणि पॉइंट आठवडाभरात जळतात. थर नसेल तर डिस्ट्रीब्युटरच्या आतली लवचीक वायर बघा. बेसप्लेट हलते तशी ती वाकत राहते, आणि वरचे आवरण शाबूत असताना आतली तार तुटते.

बल्ब पेटतच नाही, कॉइलच्या प्लसला मात्र करंट आहे: मायनसची बाजू कायम अर्थ झाली आहे किंवा कॉइल आतून तुटली आहे. मायनसची वायर सोडवा. आता कॉइलच्या मायनसवर १२ व्होल्ट आले तर कॉइल ठीक, दोष डिस्ट्रीब्युटरमध्ये. पॉइंटच्या स्क्रूखालचा फायबरचा वॉशर उलटसुलट बसलेला असतो किंवा वायरचा लग बॉडीला टेकलेला असतो. नवे पॉइंट टाकल्यावर गाडी मुळीच सुरू होत नाही तेव्हा जवळजवळ नेहमी हाच वॉशर. तो नसेल तर कंडेन्सर आतून शॉर्ट. त्याची वायर सोडवून पुन्हा मोजा, लगेच कळेल.

बल्ब लुकलुकतो, पण ठिणगी नाही किंवा मरतुकडी आहे: मग कंडेन्सर किंवा कॉइल. पॉइंट उघडतात तेव्हा तुटलेल्या करंटला कंडेन्सर क्षणभर सामावून घेतो. तो निकामी झाला तर तो करंट पॉइंटच्या टोकांतच जळतो आणि कॉइलचे चुंबकत्व हळू कोसळते. इग्निशन सुरू ठेवून, मिटलेले पॉइंट लाकडी काडीने उघडून बघा. जाड निळी-पिवळी ठिणगी टोकांत दिसली तर कंडेन्सर गेला. क्षमता मोजणारा मीटर असेल तर ०.२ ते ०.२५ मायक्रोफॅरडच्या आसपास आकडा यायला हवा. कंडेन्सरचा अर्थ त्याच्या कवचातून होतो, म्हणून त्याचा स्क्रू सैल किंवा गंजलेला असेल तर चांगला कंडेन्सरही बाद असल्यासारखा वागतो. बाजारातले स्वस्त नवे कंडेन्सर बेभरवशाचे असतात. जुना चालत असेल तर केवळ पॉइंट बदलले म्हणून तो काढून टाकू नका.

नव्या कॉइलकडे परत बघा

कॉइल बदलली आहे म्हणून हे तपासणे भाग आहे. बाजारात दोन जातीच्या कॉइल मिळतात. एकीच्या प्लस आणि मायनसमधला रोध ३ ओहमच्या जवळ असतो, ती थेट १२ व्होल्टवर चालते. दुसरीचा १.२ ते १.८ ओहम असतो, तिला बाहेरून रेझिस्टर लागतो, बहुधा पांढऱ्या सिरॅमिकचा चौकोनी तुकडा. सर्व वायरी सोडवून तुमची कॉइल मोजा आणि रेझिस्टर आहे का ते बघा.

३ ओहमची कॉइल थेट जोडली तर १२ भागिले ३, म्हणजे ४ अँपिअर. पॉइंटला हे सोसते. १.५ ओहमची कॉइल रेझिस्टरशिवाय जोडली तर ८ अँपिअर: ठिणगी झकास, पण काही दिवसांत पॉइंट जळून निळे पडतात आणि कॉइल हात लावू देत नाही इतकी तापते. उलट, जुन्या रेझिस्टरच्या पुढे ३ ओहमची कॉइल लावली तर एकूण ४.५ ओहम, करंट जेमतेम २.७ अँपिअर. उबदार दुपारी गाडी सुरू होईल, गारठ्यात किंवा सेल्फने बॅटरी दबलेली असताना होणार नाही. दुकानात दोन्ही कॉइल बाहेरून सारख्याच दिसतात आणि ही अदलाबदल फार वेळा होते.

दुसरी मोजणी मधल्या जाड भोकापासून प्लसपर्यंत: साधारण ६ ते १२ हजार ओहम. मीटर अनंत दाखवत असेल तर आतली बारीक तार तुटली आहे. कॉइलचे प्लस-मायनस उलट जोडलेले नाहीत ना, तेही बघा. उलट जोडली तरी ठिणगी पडते, पण मग ती प्लगच्या तापलेल्या मधल्या टोकाऐवजी बाहेरच्या थंड टोकाकडून निघते, त्याला जास्त व्होल्ट लागतात आणि थंड इंजिन सुरू व्हायला त्रास देते.

जुनी कॉइल गॅरेजमधून परत मागून तीही मोजा. दोन्ही आकडे बरोबर आले, वीस मिनिटे चालल्यावर गाडी बंद पडण्याची तक्रार पूर्वी नव्हती, तर तीच परत बसवा. आणि यापुढे इंजिन बंद असताना चावी ऑनवर ठेवून रेडिओ ऐकू नका. पॉइंट मिटलेल्या जागी थांबले असतील तर सगळा करंट कॉइलमधून वाहत राहतो आणि उभ्या गाडीतली कॉइल जळते ती अशीच. तपासणी करतानाही इग्निशन एका वेळी दोन मिनिटांपेक्षा जास्त सुरू ठेवू नका.

पॉइंटचे अंतर

प्लग काढून ठेवा, सपाट जमिनीवर गाडी चौथ्या गिअरमध्ये टाका आणि हळू ढकला. पॉइंटची फायबरची टाच कॅमच्या उंचवट्याच्या माथ्यावर आली की थांबा. अंतर ०.४ ते ०.५ मिलिमीटर हवे. फिलर गेज पुसून घ्या, तेलाचा हात पॉइंटला लागता कामा नये. स्क्रू आवळताना अंतर हलते, म्हणून आवळून झाल्यावर पुन्हा मोजा. कॅमवर मुगाच्या दाण्याएवढे ग्रीस लावा. ते नसेल तर टाच भरभर झिजते, अंतर मिटत जाते आणि एक दिवस पॉइंट उघडतच नाहीत. अंतर कमी झाले की पॉइंट उशिरा उघडतात, म्हणजे टायमिंगही मागे पडते. म्हणून आधी अंतर, मग टायमिंग. उलट क्रमाने केलेले काम वाया जाते. नवे पॉइंट टाकले तर हजारेक किलोमीटरनंतर अंतर पुन्हा मोजा.

मधली ठिणगी चांगली असेल तर

कॅप उजेडात धरा. आतल्या भिंतीवर पेन्सिलीने ओढल्यासारखी काळी बारीक रेघ दिसली तर ती कार्बनची वाट आहे, ठिणगी प्लगकडे न जाता तिथून पळते. ती खरवडून जात नाही, कॅप बदलायची. नुसती ओल असेल तर कोरड्या सुती फडक्याने पुसून केस वाळवायच्या ड्रायरने वाळवा. मधला कार्बनचा ब्रश स्प्रिंगवर खालीवर होतो का, तुटलेला नाही ना, ते बोटाने दाबून बघा.

रोटर मात्र डोळ्याला फसवतो. त्याच्या प्लॅस्टिकला आतून केसाएवढी भेग पडली की करंट सरळ खालच्या दांड्यात जातो. रोटर जागेवर बसवा, कॉइलची जाड वायर त्याच्या मधल्या पितळी पट्टीच्या वर ५ मिलिमीटरवर धरा आणि सेल्फ मारा. पट्टीवर ठिणगी पडायला लागली तर रोटर गळतो आहे. चांगल्या रोटरवर ठिणगीला जायला वाटच नसते, म्हणून ती पडत नाही. याच वेळी रोटर फिरतो आहे ना ते नक्की बघा. या इंजिनात डिस्ट्रीब्युटर कॅमशाफ्टवरून फिरतो आणि कॅमशाफ्टला टायमिंग बेल्ट फिरवतो. सेल्फवर इंजिन फिरते आणि रोटर स्थिर, याचा अर्थ बहुधा बेल्ट तुटला आहे. मग इग्निशनची तपासणी तिथेच थांबवा, आणखी सेल्फ मारू नका.

प्लगच्या वायरींची टोके टोपीतून बाहेर काढून बघा, हिरवट-पांढरी भुकटी जमली असेल तर घासा. कार्बनच्या दोऱ्याची वायर असेल तर तिचा रोध काही हजार ओहम असतो, तिन्ही वायरींचे आकडे लांबीच्या हिशोबाने एकमेकींशी जुळायला हवेत. एक वायर अनंत दाखवत असेल तर तीच बदला. अंधारात इंजिन फिरवून बघितले तर गळणाऱ्या वायरीभोवती निळसर झगमग दिसते. नव्या प्लगची फटही मोजा, ०.७ ते ०.८ मिलिमीटर. डबीतून काढलेला प्लग बरोबर असेलच असे नाही, पडलेला असेल तर फट मिटलेली असते.

प्लग बदलताना वायरी अदलाबदल झाल्या असण्याचीही शक्यता आहे. या तीन सिलिंडरच्या इंजिनाचा क्रम १-३-२, आणि पहिला सिलिंडर टायमिंग बेल्टच्या बाजूचा. पहिल्या प्लगच्या भोकावर अंगठा ठेवून गाडी ढकला, अंगठा आतल्या हवेने उचलला जाऊ लागला की पिस्टन कॉम्प्रेशनवर वर येतो आहे. फ्लायव्हीलची खूण जुळल्यावर रोटर कॅपच्या ज्या टोकाकडे बघतो तिथे पहिल्या प्लगची वायर, तिथून रोटर फिरतो त्या दिशेने तिसऱ्याची, मग दुसऱ्याची. कार्ब्युरेटरमधून किंवा सायलेन्सरमधून फटाका वाजत असेल तर हीच तपासणी सगळ्यात आधी करा.

ठिणगी परत आल्यावर ओल्या इंजिनाला चोक देऊ नका. चोकची घुंडी आत, अ‍ॅक्सिलरेटर तळापर्यंत दाबलेला, आणि सेल्फ एका वेळी जास्तीत जास्त दहा सेकंद, मध्ये अर्धा मिनिट विश्रांती. डिस्ट्रीब्युटर बदलायचा तो फक्त एका कारणासाठी: रोटर काढून आतला दांडा बोटांनी आडवा हलवा. तो बाजूला डुलत असेल तर बुश झिजले आहेत, पॉइंटचे अंतर कितीही नीट लावले तरी ते टिकणार नाही. दांडा घट्ट असेल तर तुमचा डिस्ट्रीब्युटर चांगला आहे. गॅरेजवाल्याला आधी कॉइलच्या मायनसवर टेस्ट लॅम्प लावून दाखवायला सांगा.